किती खाल्लेस

त्या हिवाळ्यात आमचं कॉलेज हॉकीचे नऊ सामने खेळलं.
नऊ हरलो.
दतियाला समोरचा संघ तासभर उशिरा आला,
आम्हाला पुढे चाल मिळायची,
पण आमची जीप डबऱ्याला पंक्चर होऊन पडलेली,
आम्ही त्यांच्याहूनही उशिरा.

मी गोलकीपर.
पॅड कॉलेजचे, माझ्या जन्माआधीचे,
आतला कापूस गोळा होऊन घोट्याशी बसलेला.
आईने ते दौलतगंजात शकूर पिंजाऱ्याकडे नेले.
त्याने विचारलं, सिंगल की डबल?
रजई समजला तो.
डबल भर, आई म्हणाली, पोराला लागतं.
तेव्हापासून मी गोलात उभा राहायचो
अंथरुणासकट उचलून आणल्यासारखा.

आमच्या मुरमाच्या मैदानात, डाव्या खांबापासून चार पावलांवर,
एक दगड होता. नखाएवढा वर.
पागनीस सर तो काढू देत नसत.
म्हणायचे, घरचा माणूस आहे, बारावा खेळाडू.
चेंडू जोरात आला तर दगडावरून उजवीकडे जाणार,
हळू आला तर माझ्या छातीवर.
आम्हाला पाठ होतं हे.
शिवपुरीच्या सेंटर फॉरवर्डने मारलेला चेंडू
उजवीकडे गेला नाही, छातीवरही आला नाही.
सामना संपल्यावर सर स्वतः कुदळ घेऊन गेले.
अंधार पडेपर्यंत खणलं.
हातभर खोल गेलो तरी दगड खाली होताच,
किल्ल्याचंच मूळ असावं.
खड्डा बुजवला, चहा प्यायलो.

भोपाळला टर्फ. त्यावर पाणी मारलेलं.
आधी सगळ्यांनी वाकून हात लावून बघितला.
भदौरिया म्हणाला, इतना पानी तो अपने हॉस्टल में नहीं आता.
मध्यंतरापर्यंत सहा.
चेंडू कुठे उडेना, कुठे अडेना,
सरळ यायचा, खरं बोलणाऱ्या माणसासारखा,
आणि आम्हाला त्याची सवय नव्हती.

घरी आल्यावर आई ताट वाढताना विचारायची,
किती खाल्लेस?
सात.
आणि पोळ्या किती खाशील?
बाबा वर्तमानपत्र तोंडासमोर धरायचे,
तेही थरथरायचं हसण्याने.

गोल झाला की जाळ्यातला चेंडू काढायला
इर्शाद यायचा. कॅप्टन.
खरं तर ते काम माझं.
तो चेंडू शर्टाला पुसायचा, म्हणायचा, चल,
आणि मध्यरेषेकडे चालायला लागायचा
जणू चेंडू धुवायला आला होता फक्त.
झाशीविरुद्ध, शेवटच्या सामन्यात, तिसऱ्या गोलनंतर
तो आला नाही.
मी वाट बघितली. मग वळून स्वतः वाकलो.
डबल भरलेल्या पॅडमुळे वाकताही येत नव्हतं नीट.
तो तिकडे लांब, पाठ करून उभा,
हॉकीच्या टोकाने मुरमात काहीतरी कोरत.
आठ सामने झाले होते तोवर,
पण आपण हरतोय हे मला तेव्हा कळलं.

आता मी स्टेशनवर आरक्षणाच्या खिडकीत बसतो. तीन नंबर.
परवा एकाने माझ्यासमोरच फॉर्म भरला.
वय सत्तेचाळीस, केस मेंदीचे, गळ्यात मफलर.
सही करताना त्याचं मनगट आतल्या बाजूला वळलं
आणि मला मैदान दिसलं, दगडासकट.
त्याने माझ्याकडे बघितलं ते
घड्याळाकडे बघावं तसं.
का बघावं वेगळं? त्याने माझी तोंडं मोजली नसणार,
मारले तेवढे मोजले असतील, किंवा तेही नाही.

पाच रुपये सुटे द्या, म्हटलं.
त्याने काचेखालच्या फटीतून नाणं सरकवलं,
जरा जोरात, बोटाच्या टिचकीने.
टेबलाखाली माझा डावा पाय उडाला.
कागदाची टोपली कलंडली,
शेजारच्या खिडकीतली कुशवाह मॅडम दचकली.
नाणं आत आलं होतं.

त्याला लोअर बर्थ मिळाला.